उलटंही असू शकतं

लिफ्टमध्ये तिघंच होती. तो, एक चाळिशी उलटलेली बाई आणि तिची म्हातारी आई. मुलीचे हात मोकळे आणि आईच्या हातात भरलेली पिशवी. दुसऱ्या मजल्यावर डोळ्यांचा दवाखाना आहे, तिकडेच निघाल्या असणार, कारण म्हातारीच्या एका डोळ्यावर कापसाची पट्टी होती. लिफ्टनं थांबताना नेहमीचा हिसका दिला आणि पिशवी सुटली. चष्म्याचं घर, पाण्याची बाटली, गोळ्यांची डबी, रुमाल, सगळं पायाशी पसरलं. तो साहजिकच वाकला, तर मुलगी म्हणाली, "राहू द्या हो. तिचं तिला करू द्या. आपलं आपण करतो, तो म्हातारा होत नाही. सिद्ध झालंय ते." हे ती रागानं म्हणाली नाही, उलट गोड आवाजात, शाळेतल्या बाई पालकांना समजावतात तशी म्हणाली. तो वाकलेला तसाच राहिला, ना धड खाली ना धड वर, मग सरळ झाला आणि निदान काहीतरी करावं म्हणून दार उघडं ठेवायचं बटण दाबून उभा राहिला. म्हातारी एका डोळ्यानं आणि दहा बोटांनी फरशी चाचपत होती. बाटली तिच्या बोटांना लागून पुढे घरंगळायची, ती मागोमाग सरकायची, आणि मधूनमधून, कुणाला म्हणत होती कोण जाणे, "झालं हं, झालंच," म्हणायची. मुलगी तिच्याकडे कौतुकानं बघत होती. वाईट होतं ते हेच, की ती खरोखरच कौतुकानं बघत होती. शेवटी एकदाच्या त्या उतरल्या. त्याला स्वतःच्या मजल्याचं बटण दाबायचं काही सुचलं नाही, आणि वरून कुणीतरी बोलावलं तशी लिफ्ट त्याला घेऊन थेट गच्चीपर्यंत गेली. तिथे पाण्याच्या टाक्या होत्या आणि बोलावणारं कुणी नव्हतं. एक पाइप ठिबकत होता. तो दार मिटेपर्यंत त्या ठिबकण्याकडे बघत उभा राहिला. त्या बाईनं जे वाक्य म्हटलं ते त्याचं होतं. शब्दन् शब्द त्याचा होता.

चौथ्या मजल्यावरच्या भाड्याच्या तीन खोल्या म्हणजे विद्यापीठाचा वार्ता विभाग. विद्यापीठात जे संशोधन होतं ते माणसांच्या भाषेत आणून वर्तमानपत्रांना पाठवायचं, हे तिथलं काम. दर आठवड्याला पाच बातम्या, तंत्रज्ञान, उद्योग, आरोग्य, पर्यावरण आणि संस्कृती. पाच खणांचा डबा रोज नव्यानं भरावा तसं. याच आठवड्यात मिठाच्या पाण्यावर चालणारी बॅटरी होती. ज्या साहेबांच्या केबिनला दार नसतं त्यांच्याशी हाताखालची माणसं जास्त खोटं बोलतात असा एक शोध होता. गटारातल्या बेडकांनी रहदारीवर मात करायला आपला सूर वर चढवला होता, आणि अंगाईगीतं कुठलीही घेतली तरी त्यांची चाल मूल खांद्यावर घेऊन झुलत चालणाऱ्या माणसाच्या पावलांची असते, असं कुणीतरी मोजून काढलं होतं. बेडकांवर त्याचा जीव जडला होता. अख्ख्या गावाच्या गोंगाटाखाली बसून, घसा ताणून, बायकोला हाका मारणारे बेडूक. विभागप्रमुख बाईंचं मात्र एकच पालुपद होतं, "सोपं कर." मसुदा बघितला की सोपं कर, चहा आला की सोपं कर, इतकं, की ऑफिसात त्याचं नावच पडलं सोपेकर. शिपायापासून सगळे सोपेकर म्हणत, आणि खोटं कशाला बोला, त्याला ते आवडायचं. त्यांच्या धंद्यात एक खास शब्द होता, देठं. संशोधक माणूस एक वाक्य धड सरळ बोलत नाही. असं दिसतं, असं सुचवता येईल, तूर्तास, या नमुन्यापुरतं, अन्य कारणं नाकारता येत नाहीत, अशा सतरा शेपट्या लावून बोलतो. ही देठं. चिरायच्या आधी भाजी निवडतात तशी ती खुडून टाकायची. प्रमुख बाई जाता जाता टेबलावर टिचकी मारून विचारायच्या, "देठं काढलीस का?" आणि तो म्हणायचा, "कोवळी पालवी ठेवलीय फक्त." लोक हसायचे. त्याच्याइतकी स्वच्छ देठं कुणालाच काढता येत नसत.

ते वाक्य ज्या संशोधनातून आलं ते त्याला आज शब्दाशब्दानिशी आठवलं. एक प्राध्यापिका, आवाजावरून साठीच्या पुढच्या, बोलताना मध्येच थांबून विचार करणाऱ्या. त्यांनी एकट्यानं राहणाऱ्या पुष्कळ म्हाताऱ्यांकडे जाऊन विचारलं होतं, कपडे कोण धुतं, बाजार कोण करतं, दिवा गेला तर स्टुलावर कोण चढतं. आणि मग त्यांची स्मरणशक्ती तपासली होती. आपलं आपण करणाऱ्यांची बुद्धी जास्त तल्लख निघाली. फोनवर हे सगळं सांगून झाल्यावर त्या थांबल्या, आणि तो फोन ठेवणार तेवढ्यात म्हणाल्या, "एक मात्र घालाच. उलटंही असू शकतं." म्हणजे कसं, असं त्यानं विचारलं. "म्हणजे असं बघा, काठी घेऊन चालणारी माणसं हळू चालतात. आता काठीमुळे ती हळू चालतात असं म्हणाल का तुम्ही? ज्यांचं डोकं अजून ताजं आहे तीच आपली कामं आपण करू शकत असतील. ज्यांचं ओसरायला लागलंय त्यांच्या हातून कामं सुटत असतील. कशामुळे काय, ते मला अजून ठाऊक नाही." त्याला ते काठीचं फार आवडलं. त्यानं ते लिहिलंही, अगदी शेवटी, दोन ओळींत. मग मथळा सुचला. आपलं आपण करतो, तो म्हातारा होत नाही. मथळा असा टाळीचा झाला, की त्याच्याखाली त्या दोन ओळी आल्या की तो लंगडायला लागे. त्यानं त्या ओळी एकदा ठेवल्या, एकदा काढल्या, परत ठेवल्या. मग प्रमुख बाई टिचकी मारून गेल्या, आणि त्यानं ते देठ खुडलं. बातमी सगळीकडे लागली. मग तिचं निव्वळ वाक्य झालं, आणि वाक्य सुटलं ते सुटलंच. उगवत्या सूर्याच्या चित्रावर छापलेलं, ज्येष्ठांच्या मंडळाच्या फळ्यावर खडूनं लिहिलेलं, व्यायामाच्या हॉलच्या दारावर लावलेलं, असं ते त्याला भेटत राहिलं. लिहिणाऱ्याचं नाव कुठेच नसे, आणि नाव नसलेलं आपलं वाक्य असं हिंडताना बघून त्याचा ऊर भरून यायचा. आपलं एक मूल नावारूपाला आल्यासारखं वाटायचं.

आज टेबलावर त्याच प्राध्यापिका बाईंचा नवा लेख येऊन पडला होता. हा योगायोग नव्हता, तो लेख येणार हे त्याला आठवड्यापासून ठाऊक होतं, आणि आठवडाभर तो बेडकांत रमला होता. बाईंनी त्याच म्हाताऱ्यांकडे पुन्हा पुन्हा जाऊन शेवटी लावलाच होता छडा. उलटंच होतं. आधी ओसरत होतं ते डोकं, आणि मग हातून सुटत होती कामं. आणि ज्यांनी सुटलेली कामं हट्टानं धरून ठेवली होती, किंवा ज्यांना घरच्यांनी ती धरून ठेवायला लावली होती, ती माणसं ताजी तर राहिली नव्हतीच, उलट जास्त पडली होती, भाजली होती, वाट चुकली होती, आणि कुणाला सांगायची लाज वाटून जास्त एकटी झाली होती. लेखाला बाईंनी चार ओळींचं पत्र जोडलं होतं. रागाचा मागमूस नव्हता. या वेळी शेवटचं वाक्य आधी घ्याल का, एवढंच विचारलं होतं. त्यानं ते वाचलं आणि उठून खिडकीशी गेला. खाली ती मघाची मायलेकींची जोडी रस्ता ओलांडत होती. म्हातारीच्या हातात पिशवी तशीच होती आणि मुलगी दोन पावलं पुढे चालत, मागे वळून वळून तिला हुरूप देत होती. धावत जाऊन सांगावं, असं त्याला वाटून गेलं. काय सांगणार होता? अहो, मी एक देठ काढलं होतं? तेवढ्यात फोन वाजला, आणि ताई म्हणाली, "आज दुपारी तू येच. मला आता जमायचं नाही."

ताई त्याच्याहून मोठी आणि बाबांच्या घरापासून दोन गल्ल्या पलीकडे राहते. काल बाबा कचऱ्याची पिशवी घेऊन खाली गेले ते वर आलेच नाहीत. ती सहज म्हणून डोकावली तर दार सताड उघडं आणि बाबा जिन्यात बसलेले, रिकामी पिशवी मांडीवर. खाली जायचंय की वर, ते त्यांना आठवत नव्हतं. आणि तिला बघितल्यावर काय म्हणाले असतील? "दम खातोय." शेगडी तर दोनदा चालू राहिली होती. ताईनं एक बाई बघून ठेवली होती, दिवसभर घरात राहील अशी, विश्वासाची. पण बाबा ऐकायला तयार नव्हते. "तुझं नाव सांगतात रे सारखं," ताई म्हणाली. "म्हणतात, बाई ठेवली की मी म्हातारा झालोच म्हणून समज. माझ्या मुलाच्या खात्यात सिद्ध झालंय. आता तूच ये आणि तूच सांग. तुझ्या शास्त्रापुढे माझं काय चालणार?" शास्त्र हा शब्द तिनं असा काही उच्चारला, की त्याला फोन या कानावरून त्या कानावर घ्यावा लागला.

बसमध्ये खिडकीशी बसायला मिळालं. काच थरथरत होती आणि डोकं टेकवलं की दातांपर्यंत कंप जात होता, तरी त्यानं टेकवलंच. माणसाला आठवू नये असं वाटतं तेच आठवतं, आणि तेही फार नीट आठवतं. आई गेली त्यानंतरच्या हिवाळ्यात बाबा त्याच्याकडे राहायला आले होते, थोडे दिवस, असेच. त्याचा मुलगा शिकायला दुसरीकडे गेलेला, मुलाची खोली रिकामी. रिकामी म्हणजे तिथे इस्त्रीचं टेबल होतं आणि कुणी वाजवत नाही अशी एक पेटी. त्या खोलीत सकाळी ऊन थेट पलंगावर येतं. परत जायच्या आदल्या दिवशी बाबा त्या उन्हात पाय सोडून बसले होते, आणि पावलांकडे बघत म्हणाले, "तुमच्याकडे सकाळी ऊन छान येतं रे." तो दारात होता. पुढे म्हणाले, "बारा महिने येतं का असं?" बस, एवढंच. बाबांनी सबंध आयुष्यात कुणाकडे काही मागितल्याचं त्याला आठवत नाही, आणि हे मागणं होतं, हे न कळायला तो काही लहान नव्हता. बायको आधीच म्हणाली होती, तू ठरव, माझी ना नाही. सगळं त्याच्यावर होतं. आणि तो दाराच्या चौकटीला टेकून, तोंड भरून हसत म्हणाला, "बाबा, तुम्हाला एक गंमत सांगू? नुकतंच सिद्ध झालंय आमच्याकडे. आपलं आपण करतो, तो म्हातारा होत नाही." आणि आपण कुणाच्या भल्याचं सांगतो आहोत असा चेहरा करून त्यानं सगळं समजावलं, स्टूल आणि दिवा आणि बाजार. दुसऱ्याच्या घरी राहिलं की माणसाचं डोकं कसं गंजतं, तेही सांगितलं. हे तर त्या लेखात नव्हतंच. बाबांनी लक्ष देऊन ऐकलं. मग पाय उन्हातून काढून घेतले आणि म्हणाले, "असं आहे होय."

का केलं आपण असं, हे त्यानं इतकी वर्षं स्वतःला विचारलं नव्हतं, आणि आता बस एकेक थांबा घेत चालली तसं ते विचारल्यावाचून गत्यंतर उरलं नाही. बाबा गाडी चालवायला शिकवायचे. त्यांच्या गाडीत शिकवणाऱ्याच्या पायाशीही एक ब्रेक असे. आणि त्यांचं नावच असं होतं, की ते ब्रेक मारत नाहीत. घाबरट बायका, गोंधळलेले म्हातारे, नुकती मिसरूड फुटलेली पोरं, सगळ्यांना ते चुकू देत, भिंतीच्या वीतभर अलीकडेपर्यंत जाऊ देत, आणि मगच हळूच पाय टेकवत. लोक अजूनही रस्त्यात भेटून सांगतात, सरांसारखा धीर कुणी दिला नाही. फक्त तो स्वतः शिकायला बसला तेव्हा गाडी हलायच्या आत ब्रेक लागायचा. त्यानं आरशात बघितलं की ब्रेक, हात गिअरकडे नेला की ब्रेक. पुढे गाडी सुटली पण तो पाय सुटला नाही. कॉलेज निवडताना, नोकरी धरताना, लग्नाचं सांगताना, बाबा तोंडानं काही म्हणत नसत, पण खुर्चीत बसल्या बसल्या त्यांचा उजवा पाय जमिनीवर किंचित दाबला जायचा. प्रेमच असणार ते. परक्यांनी गाडी ठोकली तर ठोकली, आपलं पोर मात्र. हे आज त्याला सुचलं, वयाच्या पन्नाशीत, बसमध्ये. त्या दिवशी दारात उभा असताना त्याला फक्त एवढंच दिसलं होतं, की हा पाय आता आपल्या घरात राहायला येणार. सकाळचा चहा, संध्याकाळचा टीव्ही, बायकोशी कुरबुर, सगळ्याच्या शेजारी तो पाय. आणि त्यानं वाक्य पुढे केलं. त्याच्या हातात वाक्य तयार होतं, ज्याच्याकडे नसतं तो निदान भांडतो तरी, काहीतरी वेडंवाकडं बोलतो, आणि पुढे कधीतरी माफी मागतो.

बाबांनी ते जे मनावर घेतलं ते अगदी शिस्तीत. ताईला कपबशी विसळू देईनात. दाढी आपली आपण, बाजार आपला आपण, दिवा गेला की स्टूल. रविवारी तो भेटायला जाई तेव्हा आठवडाभरात काय काय केलं ते सांगत, धडा पाठ झालेल्या मुलासारखं, आणि तो म्हणे, "वा बाबा." शेजारच्यांना, केस कापणाऱ्याला, दूधवाल्याला ते सांगत, माझ्या मुलाच्या खात्यात सिद्ध झालंय. पुढे पुढे गालावर दाढीचे राहिलेले पुंजके दिसायला लागले. एकदा चहात मीठ होतं. तो प्यायला. ताईनं घोट घेऊन भावाकडे बघितलं, आणि तो तिच्याकडे न बघता सगळा कप रिकामा करून म्हणाला, "वा." घरी परत जाताना त्याला हलकं वाटायचं, अजून चाललंय की, असं. चालतंय तोवर चालू दे. कुणी म्हणेल, हा निर्दय माणूस. तसा तो नव्हता. औषधं वेळेवर पोचवायचा, फोन रोज करायचा. फक्त त्याला एक गोष्ट दिसत असून बघायची नव्हती, आणि त्यासाठी त्याच्याकडे छापलेला आधार होता.

दार ताईनं उघडलं. तो उंबऱ्याशी चपला काढत होता तेवढ्यात ती पुटपुटली, "आज सकाळपासून बरे आहेत. अगदी नीट बोलतायत. आजच सांग." बाबा खिडकीशी खुर्चीत बसले होते. सदऱ्याची बटणं एक घर चुकवून लावलेली, त्यामुळे मान जरा एकीकडे ओढल्यासारखी दिसत होती. त्याला बघून चेहरा खुलला. "आलास? आज रविवार नाही."

"नाही. सहज आलो."

"सहज नाही. हिनं बोलावलंय," बाबा हसले. "काल मी जिन्यात जरा टेकलो तर हिनं एवढा बाऊ केला. तू सांग हिला. तुमचं काय ते सांग."

ताई हाताची घडी घालून दाराला टेकून उभी राहिली. तो बाबांच्या समोर पलंगाच्या कडेवर बसला. सोपं कर, असं डोक्यात कुणीतरी म्हणालं. त्यानं तोंड उघडलं तर काही सोपं होईना. तो नव्या लेखापासून सुरू झाला, मग मागे गेला, मग काठीचं उदाहरण दिलं, ते मध्येच सोडलं. बाबा मान पुढे काढून ऐकत होते. अखेर तो म्हणाला, "बाबा, ज्यांचं ते संशोधन होतं त्या प्राध्यापिका बाईंनी तेव्हाच एक सांगितलं होतं. उलटंही असू शकतं, म्हणाल्या होत्या. म्हणजे कामं केल्यानं डोकं टिकतं असं नाही. डोकं टिकलेलं असतं म्हणून कामं होतात. आता नक्की झालंय ते. त्यामुळे बाई ठेवली म्हणून काही बिघडत नाही. ठेवायलाच हवी. तुम्ही उगाच ओढत राहिलात, बाबा. माझ्यामुळे."

"तेव्हाच सांगितलं होतं त्यांनी?"

"हो."

"तुला?"

"मला. मी ते वाक्य काढून टाकलं."

बाबांनी मान खिडकीकडे वळवली. बाहेर समोरच्या इमारतीची भिंत होती, दुसरं काही नव्हतं. त्याला वाटलं, हरवले पुन्हा. पण ते हरवले नव्हते. इतकं स्वच्छ ते कित्येक महिन्यांत बोलले नसतील. "मी तुला उन्हाचं विचारलं होतं," ते म्हणाले. "आठवतंय?"

त्यानं मान डोलावली.

"दुसऱ्या दिवशी परत जाताना बसमध्ये मला फार वाईट वाटलं होतं. सगळ्या वाटेत वाटत राहिलं. म्हटलं, याला मी नको आहे. हिलाही बोललो नाही कधी." ताईनं घडी सोडली. "मग आठवड्यानं पेपरात ते आलं. तू म्हणालास तेच, शब्दाला शब्द. मी दोनदा वाचलं. आणि जिवात जीव आला बघ. म्हटलं, तसं काही नाही. पोरगं शास्त्रच सांगत होतं. आपल्याच भल्याचं सांगत होतं, आणि आपण उगाच नाही नाही ते मनात आणलं. मग मी लागलो कामाला. म्हटलं, करून दाखवू." ते हसले. "कोणी विचारलं ना, की मुलाकडे का नाही राहत, तर मी सांगायचो, तसं नाही हो, ते सिद्धच झालंय."

काहीतरी म्हणायला हवं होतं आणि जे काही म्हणता येईल ते सगळं खोटं तरी होतं किंवा उशिराचं.

"का काढलंस पण?" बाबांनी विचारलं. विचारण्यात दोष नव्हता, नुसती चौकशी होती, गाडी का बंद पडली अशी.

"जागा नव्हती," तो म्हणाला. हे उत्तर त्यांच्या धंद्यात सगळ्यांच्या जिभेवर असतं. संशोधक विचारतात, आमचं ते वाक्य कुठे गेलं, आणि ही माणसं न बघता सांगतात, जागा नव्हती. म्हणून ते तोंडातून निघून गेलं. मग खोलीत त्याला ते ऐकू आलं.

बाबांनाही आलं असावं. त्यांनी हळूहळू मान हलवली. "हं," ते म्हणाले. "जागाच नसेल तर काय करणार माणूस." ते त्याची समजूत काढत होते. एवढ्या समजुतीनं बोलत होते की तो तिथे थांबू शकला असता. ताई त्याच्याकडे बघत होती आणि तिच्या डोळ्यांत चक्क विनवणी होती, की आता पुरे, आता गप्प बस. पण त्याला वाटलं, एकदा तरी काही न खुडता सांगावं. आपल्याला हलकं व्हायचं आहे, की बाबांना काही द्यायचं आहे, याचा विचार करायला तो थांबला नाही.

"जागा होती, बाबा."

"पेपरात?"

"पेपरातही होती."

बाबांचा चेहरा तसाच राहिला. हात मात्र सदऱ्याच्या शेवटच्या बटणाशी गेला आणि ते चुकलेलं बटण चाचपत राहिला, काढायचं की राहू द्यायचं ते त्या हाताला कळत नव्हतं. मुलाची बायको, ती रिकामी खोली, ते इस्त्रीचं टेबल, सगळं त्यांच्या डोळ्यांपुढून जात असावं. मग ते हळू आवाजात म्हणाले, "एवढं शेवटचं नसतं सांगितलंस तरी चाललं असतं रे मला."

"बाबा, आमच्याकडे चला तुम्ही. आजच चला. मी खोली मोकळी करतो."

बाबांनी ऐकलं, पण उत्तर त्याला दिलं नाही. खुर्चीच्या हातावर जोर देऊन त्यांनी उठायचा प्रयत्न केला, अर्धे उठले, परत बसले. तो पुढे झाला. त्याला ओलांडून त्यांनी ताईकडे हात लांब केला आणि म्हणाले, "हात दे गं जरा." ताई आली. त्यांनी तिचा हात दोन्ही हातांनी धरला, सगळा भार त्या हातावर टाकला आणि उभे राहिले.

"ती बाई म्हणत होतीस ना," ते ताईला म्हणाले. "येऊ दे तिला उद्यापासून."